जात वैधता प्रमाणपत्र मुदतीत आले नाही, घर गायरानात आहे: सदस्याविरुद्ध दाद कोणाकडे मागावी?

प्रश्न

नमस्कार. ग्रामपंचायत निवडणुकीत नागरिकांचा मागास प्रवर्ग, म्हणजे इतर मागासवर्ग (महिला), या राखीव जागेवर माझ्या आईचा थोड्या मतांनी पराभव झाला. निवडून आलेल्या महिला सदस्याने अर्जासोबत जात वैधता प्रमाणपत्र जोडले नव्हते, तर पडताळणी समितीकडे प्रकरण दाखल केल्याची पावती आणि प्रमाणपत्र मुदतीत देण्याचे हमीपत्र दिले होते. हमीपत्रातील मुदत संपली, तरी प्रमाणपत्र सादर झालेले नाही. शिवाय त्यांच्या सासऱ्यांनी गायरानात (गावच्या सरकारी चराऊ जमिनीवर) बांधलेल्या घरात सर्व कुटुंब राहते. छाननीत आम्ही ही हरकत घेतली होती, पण ती फेटाळली गेली. निकालानंतर पंधरा दिवसांत न्यायालयात जायला हवे होते, असे आता कळले. आमचा मार्ग बंद झाला का?

उत्तर १

एक मार्ग बंद झाला आहे, दुसरा खुला आहे. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम १५ नुसार निवडणुकीच्या वैधतेलाच आव्हान द्यायचे असल्यास निकालापासून पंधरा दिवसांत दिवाणी न्यायाधीशांकडे निवडणूक याचिका करावी लागते. अर्ज चुकीने स्वीकारला किंवा मतमोजणी चुकली, असे वाद तेथे चालतात. तुमची ती मुदत गेली.

परंतु सदस्य निवडीच्या वेळी अपात्र होता किंवा नंतर अपात्र ठरला, हा प्रश्न कलम १६ खाली जिल्हाधिकारी ठरवतात आणि त्यासाठी कोणीही अर्ज करू शकतो. त्या निर्णयाविरुद्ध विभागीय आयुक्तांकडे अपील होते. वैधता प्रमाणपत्राची तरतूद कलम १०-१अ मध्ये आहे: मुदतीत ते सादर न झाल्यास निवड पूर्वलक्षी प्रभावाने रद्द झाल्याचे मानले जाते. ही मुदत शासनाने वेळोवेळी वाढवली असल्यामुळे तुमच्या निवडणुकीला कोणती लागू होते, ते तहसील कार्यालयातून आधी लेखी घ्या. हमीपत्राची आणि समितीच्या पावतीची प्रमाणित प्रतही मिळवा, कारण समितीकडचा अर्ज नामनिर्देशनापूर्वी झाला होता का, हे पावतीच्या तारखेवरूनच ठरते.

उत्तर २

गायरानाच्या मुद्द्यावर माझा अनुभव सांगतो. कलम १४(१)(ज-३) मध्ये सरकारी जमिनीवरील अतिक्रमण ही अपात्रता आहे. अतिक्रमण सासऱ्यांचे असले, तरी त्या घरात राहून त्याचा लाभ घेणारी व्यक्तीही अपात्र ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये जनाबाई प्रकरणात सांगितले. मात्र २०२४ मध्ये जळगाव जिल्ह्यातील एका महिला सरपंचांची याच कारणावरून झालेली अपात्रता त्याच न्यायालयाने रद्द केली आणि निवडून आलेल्या महिलेला पदावरून दूर करण्याचा विषय यंत्रणांनी इतक्या सहजपणे हाताळल्याबद्दल नाराजी व्यक्त केली. म्हणून शेजाऱ्यांच्या प्रतिज्ञापत्रांवर विसंबू नका. गायरानाचा सातबारा, ग्रामपंचायतीचा नमुना ८ (घरपट्टी आकारणीचा उतारा), भूमी अभिलेखची मोजणी आणि त्या प्रत्यक्ष तेथेच राहतात याचा पुरावा जोडा. आमच्या प्रकरणात मोजणीच नव्हती, त्यामुळे खरी असलेली तक्रारही टिकली नाही.

उत्तर ३

अर्ज जरूर करा, पण समोरच्या बाईंची बाजूही समजून घ्या. विवाहित स्त्रीला जात सिद्ध करण्यासाठी माहेरचे पुरावे द्यावे लागतात आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीच्या नोंदी मागितल्या जातात. वडिलांचा शाळेचा दाखला, आजोबांची कोतवाल बुकातील (गावच्या जुन्या जन्म-मृत्यू नोंदवहीतील) नोंद, हे शोधण्यात माझ्या बहिणीचे जवळपास वर्ष गेले. दुसऱ्या तालुक्यातील माहेरी वारंवार जाऊन कागद गोळा करणे शेतमजुरी करणाऱ्या स्त्रीला किती जड जाते, हे मी पाहिले आहे. तरीही कायदा कठोर आहे. नगरपालिका कायद्यातील अशाच तरतुदीबाबत मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये मुदत बंधनकारक असल्याचा निर्णय दिला आहे. त्यांनी उच्च न्यायालयातून अंतरिम आदेश मिळवला आहे का, तेवढे मात्र अर्जापूर्वी पाहा, कारण तसा आदेश असल्यास चित्र बदलते.

प्रश्नकर्ता

आपणा सर्वांचे मनापासून आभार. प्रमाणित प्रतींसाठी सोमवारी अर्ज करतो. त्यांची निवड रद्द झाली, तर दुसऱ्या क्रमांकाची मते मिळालेल्या माझ्या आईला ती जागा मिळेल का?

उत्तर १

नाही. कलम १६ खालील निर्णयाने जागा केवळ रिक्त होते आणि ती पोटनिवडणुकीने भरली जाते. आईंना पुन्हा उभे राहायचे असेल, तर त्यांचे स्वतःचे वैधता प्रमाणपत्र आतापासूनच हातात असू द्या.