केरळात युनियनने माल उतरवायला अडवलं, पोलीस संरक्षण कसं मिळवायचं?

विट्याचा_गलाईवाला:
वडिलांपासून आमचं गलाईचं दुकान त्रिशूरला. सोनं गाळायची नवी भट्टी आली. माझी पोरं उतरवायला लागली तर निळ्या शर्टातले हमाल टेम्पोला आडवे. हात न लावता पैसे मागतात, नोक्कुकूली. पोलीस म्हणतात, आपसात मिटवा. भट्टी अजून टेम्पोतच आहे, भाडं चढतंय. जीव नुसता जळतोय. हायकोर्टात जाऊ का?

कोचीकर:
दादा, पोरांकडे हमालीच्या नोंदणीचं, नियम २६ए चं कार्ड आहे का? १९७८ च्या हमाल कायद्याच्या नियमांत आपल्याच कामगारांची असिस्टंट लेबर ऑफिसरकडे नोंदणी होते. कार्ड असेल तर एर्नाकुलमला हायकोर्टात घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका टाका. पोलिसांना दिलेल्या तक्रारीची पोच जोडाच. नोक्कुकूली सरकारने २०१८ च्या १ मेपासून बंद केलीय, एक रुपया देऊ नका.

माथाडीचा_मुलगा:
वडील वाशी मार्केटला माथाडी होते, म्हणून सांगतो. १९६९ च्या माथाडी कायद्याने आमचं घर उभं राहिलं. फुकटची वसुली चूकच, पण हमालाची रोजीही खरी आहे. कोर्ट संरक्षण देतं ते माल अडवण्याविरुद्ध. शांतपणे घोषणा द्यायचा हक्क त्यांचा राहतोच. नोंदणी नसेल तर ठरलेल्या दराने त्यांच्याकडूनच उतरवून घ्या.

विट्याचा_गलाईवाला:
कार्डं नाहीत. उद्या सकाळीच लेबर ऑफिस गाठतो. दर भरायला माझी ना नाही, काम तर करा!