मदत हवी आहे: हाला (ज्यू वेणीचा पाव) बाजूने फाटतो

तिंबण:
शब्बाथच्या (शुक्रवारी संध्याकाळी सुरू होणारा ज्यूंचा विश्रांतीचा दिवस) जेवणासाठी करतात तो हाला घरी करते आहे. चव जमते, पण दोन पेड एकमेकांना भिडतात तिथेच बाजूने फाटतो आणि आतला पांढरा भाग उघडा पडतो. वरून २० मिनिटांत काळपट, कापल्यावर मधोमध ओलसर.
प्रमाण: मैदा ५०० ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट ७, साखर ६०, मीठ ९ ग्रॅम, २ अंडी + १ बलक, तेल ६० मिली, पाणी २०० मिली. पहिली फुगवण दीड तास, वेणी घातल्यावर २० मिनिटं. ओटीजी २०० अंशांवर, दोन्ही रॉड चालू. सहा पेडांची वेणी कशी घालायची? तेलाऐवजी लोणी चालेल का?

खसखस:
फाटण्याचं मूळ त्या २० मिनिटांत आहे. वेणी घातल्यावर पाव नीट फुगला नसला की उरलेली सगळी वाढ ओव्हनमध्ये एकदम होते. वरची साल तोवर घट्ट झालेली असते, मग पेडांचा सांधा उसवतो. दुसरी फुगवण ४५ ते ६० मिनिटं द्या. घड्याळापेक्षा बोटावर भरवसा ठेवा: हलकं दाबल्यावर खळगा लगेच भरला तर थांबा, सावकाश अर्धा भरला तर ओव्हनमध्ये सरकवा. अजिबात भरला नाही तर वेळ टळली, तो पाव पसरट होणार.
आपल्याकडच्या मैद्याला एवढ्या अंड्यांसोबत २०० मिली पाणी जास्त होतं. १६० पुरे. हा गोळा ब्रेडच्या मानाने घट्टच हवा, नाहीतर पेड एकमेकांत विरघळून जातात.
यात साधारण ९१० ग्रॅम गोळा होतो. त्याचे दोन पाव करा, शब्बाथला दोनच लागतात; बायबलच्या कथेत ज्यूंच्या पूर्वजांना वाळवंटात शुक्रवारी दुप्पट मान्ना (देवाने पाठवलेलं अन्न) मिळत असे, त्याची ती आठवण. प्रत्येक पावाला ७५ ग्रॅमचे सहा पेड. लाटून हवा काढा, घट्ट गुंडाळा, मग तळव्याखाली वळा: मध्ये जाड, टोकांना निमुळता. पेड आखडत असेल तर १० मिनिटं झाकून ठेवा, ओढाताण नको. विणण्याआधी मैद्याची पुसट भुरकी मारली की पेड शेवटपर्यंत वेगळे दिसतात.
सहाही पेडांची वरची टोकं चिमटून जोडा. सगळ्यात उजवा पेड उचला: दोघांवरून, एकाखालून, दोघांवरून. तो डावीकडे पोचला की परत सगळ्यात उजवा. दर वेळी उजवीकडूनच. वीण सैल ठेवा. आवळून घातलेली वेणीही फाटते.

ओटीजीवाला:
तापमान १७५ करा, खालचा कप्पा, ३० ते ३५ मिनिटं. साखर आणि अंडं दोन्ही असल्याने रंग लवकर येतो. हवा तेवढा आला की वरून फॉइल सैलसर टाका. थर्मामीटर असेल तर मध्यभागी ८८ ते ९० अंश.
अंड्याचा हात दोनदा फिरवा: वेणी झाल्या झाल्या आणि ओव्हनमध्ये घालण्याआधी. दुसरी फुगवण झाल्यावर सांध्यांत जी फिकट रेघ उघडी पडते, ती दुसऱ्या हातात झाकली जाते. मग तीळ किंवा खसखस. युरोपात निळसर-काळी खसखस लावतात. आपली पांढरी चवीला चालते, उठून दिसत नाही.
लोण्याने पाव छान होईल, पण तो शब्बाथचा हाला राहणार नाही. त्या जेवणात बहुधा मांस असतं आणि कश्रुतमध्ये (ज्यूंचे खाण्यापिण्याचे धार्मिक नियम) मांसासोबत दूध वर्ज्य, म्हणून तेल आणि पाणी. अंडी एकेक करून काचेच्या वाटीत फोडायची. रक्ताचा ठिपका दिसला तर ते अंडं बाजूला.

तिंबण:
आभार! गुरुवारी रात्री मळून ठेवलं तर?

खसखस:
उत्तम, चव वाढतेच. पाणी गार घ्या, यीस्ट ५ ग्रॅम करा, मळून २० मिनिटांनी तेल लावलेल्या झाकणाच्या डब्यात फ्रिजमध्ये, ८ ते १२ तास. सकाळी गारच असताना पेड वळा, आकार सुबक येतो. मात्र गार गोळ्याची दुसरी फुगवण दीड तासापर्यंत लांबते, तेव्हा घाई नको.