घरातल्या अत्याचाराची बातमी: आरोपीचं नाव द्यायचं की नातं?

उपसंपादक: अल्पवयीन मुलीवर सावत्र वडिलांनी अत्याचार केल्याचा गुन्हा नोंदवला गेलाय. पोलिसांच्या प्रेसनोटमध्ये आरोपीचं नाव, वय, गाव आहे. मुलीचं नाव अर्थातच देणार नाही. बाकीचं छापावं का? आई कॅमेऱ्यासमोर बोलायलाही तयार आहे.

कोर्ट बीट (न्यायालयाच्या बातम्या देणारा वार्ताहर): नाव आणि नातं एकत्र छापलं की मुलगी कोण हे अख्ख्या गावाला कळतं. पॉक्सो, म्हणजे मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणाऱ्या कायद्याच्या कलम २३ मध्ये कुटुंबाचा तपशील, शाळा, परिसर, ओळख पटवणारी कुठलीही गोष्ट द्यायला मनाई आहे. शिक्षा ६ महिने ते १ वर्ष कैद, दंड किंवा दोन्ही, आणि प्रकाशक-मालकही जबाबदार. पोलिसांनी नाव दिलं म्हणून छापायची मुभा मिळत नाही. आईच्या संमतीनेही नाही; परवानगी फक्त विशेष न्यायालय देऊ शकतं, तीही मुलीच्या हिताची असेल तरच.

रात्रपाळी: मग नातं गाळून नाव द्यावं. ब्रिटनच्या वृत्तपत्रांच्या आचारसंहितेत प्रौढ आरोपीचं नाव चालतं, नातं सूचित होणं चालत नाही.

कोर्ट बीट: तिथे सगळे एकच पद्धत पाळतात म्हणून ते जमतं. इथे तुम्ही नाव दिलंत आणि दुसऱ्याने नातं, की दोन बातम्या शेजारी ठेवल्यावर सगळं उघड. शिवाय नातं गाळलं की घरात हे घडतं हेच वाचकापर्यंत पोहोचत नाही, आणि मला ते जास्त घातक वाटतं. नाव गाळा, गावाऐवजी जिल्हा लिहा, 'कुटुंबातील व्यक्ती' एवढंच ठेवा.

डिजिटल डेस्क: वेबवर वेगळ्याच ठिकाणी घोळ होतो. मजकुरातून गाव काढतात, पण लिंक पहिल्या मथळ्यावरून बनलेली असते, त्यात ते तसंच राहतं. टॅग आणि फोटोच्या फाइलचं नावही तपासा. चेहरा धूसर केला तरी गणवेश, दारावरची पाटी, आईचा आवाज ओळखू येतो. प्रतिक्रिया आधीच बंद ठेवा, खाली कुणीतरी नाव लिहितंच. पाठपुराव्याच्या बातम्याही एकत्र वाचून पाहा: आज वय, उद्या इयत्ता, निकालाच्या दिवशी तालुका, असं साचत जातं.

उपसंपादक: मथळा 'नराधम बापाचे मुलीशी अनैतिक संबंध' असा आलाय.

कोर्ट बीट: पूर्ण बदला. 'संबंध' म्हटलं की मूलही त्यात सामील ठरतं. 'बाप'मुळे नातं उघड होतं, आणि गुन्हा अजून सिद्ध व्हायचाय. 'अल्पवयीन मुलीवर अत्याचाराचा आरोप, एकावर गुन्हा' पुरे. अत्याचार कसा केला, काय आमिष दाखवलं, ते लिहू नका. शेवटी मुलांसाठीच्या चाइल्डलाइनचा मदत क्रमांक १०९८ द्या.