बीजगणिताचा 'जनक' कोण? माझं मत ब्रह्मगुप्ताला

उलटं_त्रैराशिक (धागाकर्ता)

स्पर्धा परीक्षेच्या कुठल्याही गाईडात एक ओळ हमखास असते: बीजगणिताचा जनक अल-ख्वारिझ्मी, बगदाद, इ.स. ८२० च्या सुमारास. पोरं पाठ करतात, एक मार्क पदरात पडतो, विषय मिटतो. माझ्या मते हा मार्क चुकीच्या उत्तराला मिळतोय.

इ.स. ६२८ मध्ये तिशीतल्या ब्रह्मगुप्ताने 'ब्राह्मस्फुटसिद्धान्त' लिहिला. त्याचं गाव भिल्लमाळ, म्हणजे आजचं राजस्थानातलं भीनमाळ. ग्रंथ ज्योतिषाचा, पण अठरावा कुट्टकाध्याय वाचा. धन, ऋण आणि शून्य यांच्या बेरीज-वजाबाकी-गुणाकाराचे नियम तिथे ओळीने दिलेत. ऋण गुणिले ऋण धन, हे आपण सातवी-आठवीत घोकतो ते तिथे आहे. वर्गसमीकरणाची रीत आहे. शिवाय एक आव्हान आहे: अशी वर्गसंख्या शोधा जिला ९२ ने गुणून १ मिळवला की पुन्हा पूर्ण वर्ग येईल. वर्षभरात जो सोडवेल तो खरा गणक, असं पुढे म्हटलंय. (उत्तर: १२० चा वर्ग. ९२ ने गुणून १ मिळवा, ११५१ चा वर्ग येतो. कॅल्क्युलेटर काढा हवं तर.)

ख्वारिझ्मी जवळजवळ दोनशे वर्षांनी आला. त्याच्या पुस्तकात ऋण संख्या नाहीत, चिन्हं नाहीत, सगळं शब्दांत. ऋण न मानल्यामुळे त्याला समीकरणांचे सहा वेगळे प्रकार करून प्रत्येकाची रीत स्वतंत्र सांगावी लागते. ब्रह्मगुप्ताला ती उस्तवार करावी लागत नाही. मग जनक कोण?

निवांत_मास्तर

साफ असहमत.

तुम्ही कुणाला किती येत होतं ते मोजताय. प्रश्न तो नाही. बीजगणित हा स्वतंत्र विषय कुणी केला, हा प्रश्न आहे. ब्रह्मगुप्ताकडे ते ग्रहगणिताच्या पोथीतलं एक प्रकरण आहे. ख्वारिझ्मीचं पुस्तक सुरुवातीपासून समीकरणांवरच आहे. ज्या सहा प्रकारांना तुम्ही नावं ठेवलीत ना, तीच त्याची कमाई. पहिल्या आणि दुसऱ्या घाताचं कुठलंही समीकरण या सहांपैकी एकात बसतं, असं तो आधी मांडतो आणि मगच सोडवायला बसतो. पुस्तकाचा पुढचा मोठा भाग वारसाहक्काच्या वाटण्यांचा आहे, म्हणजे काझीलाही उपयोग.

आणि सिद्धता. त्याचं गाजलेलं उदाहरण घ्या: क्ष² + १०क्ष = ३९. एक चौरस काढा, बाजू क्ष. दोन लगतच्या बाजूंना ५ रुंदीची एकेक पट्टी जोडा. चौरस आणि पट्ट्या मिळून क्षेत्रफळ झालं ३९. कोपऱ्यात ५ गुणिले ५ चं भोक राहतं, ते २५ ने भरा. मोठा चौरस ६४, बाजू ८, पट्टीचे ५ गेले, क्ष = ३. रीत *का* चालते ते डोळ्यांना दिसतं. ब्रह्मगुप्ताची आर्या पाठ करा, उत्तर मिळेल. का मिळालं, ते श्लोकात नाही.

शून्य_भागिले_शून्य

अहो, सगळं आपलंच होतं. बगदादवाल्यांनी इथून नेलं आणि स्वतःच्या नावावर खपवलं. दुसरं काय!

निवांत_मास्तर

@शून्य_भागिले_शून्य, आकडे इथून गेले हे ख्वारिझ्मीने लपवलेलं नाही. भारतीय आकडेमोडीवर त्याने वेगळं पुस्तकच लिहिलंय. आठव्या शतकात खलिफा अल-मन्सूरच्या दरबारात भारतीय ज्योतिषग्रंथाचं अरबी रूपांतर झालं, तेही जगजाहीर आहे. पण बीजगणित ब्रह्मगुप्तावरून उचललं असतं तर नेमक्या ऋण संख्या टाकून कशाला दिल्या असत्या? दुकान लुटायचं आणि तिजोरी तिथेच ठेवायची, असा चोर दाखवा एखादा.

उलटं_त्रैराशिक

चोरीच्या आरोपाबद्दल मास्तरांशी सहमत. माझा मुद्दा चोरीचा नाहीच, धागा तिकडे नेऊ नका प्लीज.

सिद्धतेबद्दल मात्र नाही पटत. सूत्र पाठ करायला, उपपत्ती (म्हणजे सिद्धता) गुरूच्या समोर बसून, ही आपल्याकडची शिकवायची तऱ्हा होती. श्लोकात नाही म्हणजे माहीत नव्हतं असं होत नाही. इ.स. १६०० च्या आसपास कृष्ण दैवज्ञाने भास्कराचार्यांच्या 'बीजगणिता'वर टीका लिहिली, तिच्यात रीतसर उपपत्ती आहेत.

निवांत_मास्तर

१६००! तोवर युरोपात तिसऱ्या आणि चौथ्या घाताची समीकरणं सुटून अर्धं शतक उलटलं होतं. इटलीच्या कार्डानोचं त्यावरचं पुस्तक १५४५ चं. उशिरा लिहिलेली टीका ब्रह्मगुप्ताच्या खात्यावर कशी जमा करणार?

मातीची_पाटी

दोघंही बरेच उशिरा पोचलात. :)

ब्रिटिश म्युझियममध्ये बॅबिलोनची एक मातीची पाटी आहे, साधारण इ.स.पू. १८०० ची. पहिलंच गणित असं: चौरसाचं क्षेत्रफळ आणि बाजू मिळवली, ४५ आले (साठाव्या भागांत, म्हणजे पाऊण). रीत अशी: १ घे, अर्धा कर, ३० आले. त्याचा वर्ग १५ (अर्ध्याचा वर्ग पाव). तो ४५ मध्ये मिळव, झाला १. वर्गमूळ १. त्यातून मघाचे ३० वजा कर. बाजू ३०, म्हणजे अर्धा.

मास्तर, हा तुमचाच कोपरा भरलाय की नाही? फरक इतकाच की ख्वारिझ्मीच्या अडीच हजार वर्षं आधी. आणि हे करणारा बहुधा लेखनिकांच्या शाळेतला कुणी तरी, ज्याचं नावही आपल्याला ठाऊक नाही. म्हणून गाईडात येत नाही. जनक व्हायला नाव लागतं, एवढंच.

चाळीसगावकर

आमच्या तालुक्याचं नाव कुणीच घेईना म्हणून लिहितो.

चाळीसगावपासून जवळ पाटणला, पाटणादेवीच्या देवळात, इ.स. १२०७ च्या आसपासचा शिलालेख आहे. भास्कराचार्यांचा नातू चंगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्याने इथे मठ काढला आणि निकुंभ घराण्यातल्या राजांनी त्याला दान दिलं, असं त्यात कोरलंय. लेख संस्कृत, पण दानाचा तपशील चक्क जुन्या मराठीत! डॉ. भाऊ दाजी लाडांनी हा लेख उजेडात आणला. बीजगणित शिकवायला मठ, त्याला गावाच्या उत्पन्नातून पैसा. मास्तर, 'स्वतंत्र विषय' म्हणजे आणखी काय हवं?

आणि 'चिन्हं' म्हणताय तर भास्कराचार्यांच्या 'बीजगणिता'तला घोड्यांचा हिशेब बघा. एकाकडे ३०० रुपये आणि ६ घोडे, दुसऱ्याकडे १० घोडे पण १०० कर्ज. दोघांची मालमत्ता सारखी, तर घोड्याची किंमत काय? मांडणी अशी:

या ६ रू ३००
या १० रू १०० (या शंभरावर टिंब)

'या' म्हणजे यावत्तावत्, आपला क्ष. 'रू' म्हणजे रूप, सुटी संख्या. टिंब म्हणजे ऋण. वरची ओळ बरोबर खालची ओळ. घोडा १०० चा. दुसरं अव्यक्त आलं की कालक, मग नीलक, पीतक, असे रंग सुरू. आजच्या पोराला ही मांडणी पाच मिनिटांत समजते.

त्याहून मला माकडांचं गणित आवडतं. कळपाच्या पाचव्या भागातून तीन कमी केले, त्याचा वर्ग गुहेत गेला, एक माकड फांदीवर दिसतंय. एकूण किती? उत्तरं दोन येतात, ५० आणि ५. भास्कराचार्य ५ सोडून देतात. कारण पाचाचा पाचवा भाग १, त्यातून तीन गेले की उणे दोन माकडं, आणि उणे माकडं लोकांना पटायची नाहीत! पण शेजारच्याच दुसऱ्या माकडांच्या गणितात ४८ आणि १६ ही दोन्ही उत्तरं ठेवलीत, कारण दोन्ही खरोखरच बसतात. समीकरण काय म्हणतं आणि माकड काय म्हणतं, दोन्ही तपासणारा माणूस.

निवांत_मास्तर

चाळीसगावकर, प्रतिसाद झकास. मठाचा मुद्दा दमदार आहे हे कबूल. पण तो तेराव्या शतकातला आहे, आणि ज्यात 'बीजगणित' येतं तो भास्कराचार्यांचा 'सिद्धान्तशिरोमणि' ११५० चा. त्याने ख्वारिझ्मीचा नंबर मागे जात नाही.

अमूर्त

मला या सगळ्याचीच गंमत वाटतेय. तुमचे चारही उमेदवार माझ्या हिशेबात बाद.

'या ६ रू ३००' मध्ये न माहीत असलेल्याला अक्षर आहे, माहीत असलेल्याला नाही. ६ तो ६ च. म्हणून प्रत्येक वेळी उदाहरण सुटतं, सूत्र लिहिता येत नाही. माहीत असलेल्या राशींनाही अक्षरं द्यायची, हे पद्धतशीरपणे केलं फ्रान्समधल्या वकिलाने, फ्रांस्वा व्हिएतने, १५९१ मध्ये. स्वर अज्ञातांना, व्यंजनं ज्ञातांना. १६३७ मध्ये देकार्तने आजची अक्षरांची वाटणी रूढ केली. तिथपासून तुम्ही 'सगळी वर्गसमीकरणं' असं एका ओळीत बोलू शकता. आणि सगळ्यांबद्दल बोलता आलं म्हणूनच १८२४ मध्ये आबेल सांगू शकला की पाचव्या घाताला असं सर्वसाधारण सूत्र असूच शकत नाही. विसाव्या वर्षी द्वंद्वयुद्धात गेलेल्या गाल्वाने (१८३२) कुठलं समीकरण सुटतं आणि कुठलं नाही, त्याचं कारण दिलं. एमी नोथरच्या १९२१ च्या निबंधात तर समीकरण सोडवणं हा मुद्दाच राहिलेला नाही. एम.एस्सी.च्या बीजगणिताच्या पेपरात क्ष काढायला सांगत नाहीत हो कुणी.

उलटं_त्रैराशिक

@अमूर्त, व्हिएतचं मान्य, पण तो तर ऋण संख्या टाळत होता! एक अक्षर मिळालं म्हणून बाकी सगळं माफ?

आणि सूत्राशिवाय फक्त 'उदाहरण' सुटतं म्हणता, तर हे बघा. ब्रह्मगुप्ताच्या त्याच कोड्यात ९२ च्या जागी ६१ घाला. भास्कराचार्यांनी ते चक्रवाल पद्धतीने (जवळच्या उत्तरावरून फेरी-फेरीने पुढे जायची रीत) सोडवलंय. सुरुवात ८² − ६१×१² = ३ इथून. एक फेरी केली की ३९² − ६१×५² = −४. इथे बाकी उणे चार आली की ब्रह्मगुप्ताची भावना (दोन उत्तरं जोडून नवं उत्तर बनवायची रीत) लावायची, आणि थेट उत्तर: २२,६१,५३,९८० चा वर्ग ६१ ने गुणून १ मिळवा, १,७६,६३,१९,०४९ चा वर्ग मिळतो. १६५७ मध्ये फर्माने हाच प्रकार युरोपच्या गणित्यांना आव्हान म्हणून टाकला, त्यातही ६१ होताच. आकडे बदला, पद्धत तीच. शिवाय उणे चाराशिवाय हा रस्ताच बंद, ख्वारिझ्मीच्या सहा प्रकारांत तो सापडत नाही.

निवांत_मास्तर

गणित अप्रतिम, वाद नाही. पण चक्र कुठल्याही आकड्याला फिरून उत्तरापाशी पोचणारच, ही खात्री कुणी दिली? या प्रकारच्या समीकरणाला नेहमी उत्तर असतंच, हे सिद्ध केलं लाग्रांजने, १७६८ च्या सुमारास. तुमच्याकडे गाडी होती, रस्ता पुढे आहे की नाही ते ठाऊक नव्हतं.

उलटं_त्रैराशिक

गाडी सहाशे वर्षं पोचत होती, मास्तर. ६७ घालून बघा: ५९६७ आणि ४८,८४२. हेही त्याच पोथीत आहे. माझं मत ब्रह्मगुप्तालाच.

मातीची_पाटी

आणि माझं त्या बिननावाच्या लेखनिकाला. मतदानात 'वरीलपैकी कुणीही नाही' ठेवलंय का?