पाणी आणि जमीन यांच्यामध्ये वावरणाऱ्या जीवांसाठी मराठीत नेमके शब्द कोणते?

प्रश्न (पुस्तिकालेखक)

सप्रेम नमस्कार. शालेय वयाच्या वाचकांसाठी मी एक पुस्तिका लिहीत आहे. पाणी आणि जमीन या दोहोंशी नाते असलेले जीव हा तिचा विषय आहे. पहिल्या खर्ड्यात बेडूक, मगर, कासव, पाणमांजर, सील, खेकडा आणि चिखलावर उड्या मारणारी निवटी ही मासळी या सर्वांना मी सरसकट ‘उभयचर’ म्हटले होते. मजकूर तपासणाऱ्या सहकाऱ्यांनी बेडूक तेवढा ठेवला आणि बाकी सगळ्या ठिकाणी तो शब्द खोडला. त्यांची हरकत मला पटते, परंतु खोडलेल्या जागी काय लिहावे हे मात्र सुचत नाही.

दुसरी अडचण माशांची आहे. सॅमन समुद्रात वाढतो आणि अंडी घालण्यासाठी नदीत येतो, तर ईल नदीत वाढून अंडी घालण्यासाठी समुद्रात जाते. या दोन उलट प्रवासांना ‘ॲनाड्रोमस’ आणि ‘कॅटाड्रोमस’ अशा संज्ञा आहेत. त्या तशाच ठेवल्या तर मुले अडखळतील, आणि ‘स्थलांतर’ एवढेच लिहिले तर दिशाच हरवते. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर (प्राणिशास्त्राची शिक्षिका)

आपल्या सहकाऱ्यांची दुरुस्ती योग्य आहे, परंतु त्यामागचे कारण नीट समजून घेतले तर पुढचे शब्द निवडणे सोपे जाईल. ‘उभयचर’ हा शब्द आज दोन कामे करतो. एक काम वर्गाचे नाव म्हणून, ज्यात बेडूक, भेक (टोड), सरड्यासारखे दिसणारे सॅलमँडर आणि पाय नसलेले सिसिलियन येतात. या वर्गात आज 8,000 हून अधिक जाती ज्ञात आहेत. दुसरे काम राहणीचे वर्णन म्हणून. ही दोन कामे एकमेकांशी जुळतच नाहीत. ॲक्सोलॉटल हा सॅलमँडर आयुष्यभर कल्ले राखतो आणि पाण्यातच राहतो, तर बेडकांच्या काही जातींत डिंभाची, म्हणजे पाण्यात पोहणाऱ्या बेडूकमाशाची, अवस्थाच नसते, अंड्यातून थेट इवलासा बेडूक बाहेर पडतो आणि त्याला तळ्याची गरज भासत नाही. दोघेही वर्गाने उभयचर आहेत, राहणीने नाहीत. मगर आणि पाणमांजर यांचे नेमके उलट आहे.

हा गोंधळ मराठीने निर्माण केलेला नाही. जीवांच्या वर्गीकरणाची पद्धत घालून देणाऱ्या लिनियसने 1758 मध्ये ‘ॲम्फिबिया’ या गटात साप, सरडे आणि कासवेही घातली होती. सरपटणारे प्राणी त्यातून पुढे वेगळे काढले गेले. म्हणून माझी सूचना अशी की ‘उभयचर’ हे वर्गाचे नाव म्हणूनच ठेवावे आणि मगर, पाणमांजर, सील यांच्यासाठी ‘अर्धजलचर’ वापरावे. समुद्री कासवाला मात्र मी अर्धजलचरही म्हणणार नाही. मादी अंडी घालण्यापुरती वाळूवर येते आणि नर एकदा समुद्रात गेला की सहसा परतत नाही; त्यामुळे ‘जलचर सरीसृप’ हेच वर्णन त्याला शोभते.

उत्तर (भाषेची अभ्यासक)

वरील उत्तरातील वर्गाबद्दलचे म्हणणे मला मान्य आहे. ‘अर्धजलचर’ या शब्दाबद्दल मात्र माझे मत वेगळे आहे. पाणमांजर पाण्यात अर्धे नसते. ते पाण्यात पुरते असते आणि काठावरही पुरते असते. मुलांसाठी लिहिताना मी ‘वावरणे’ या क्रियापदाकडे वळेन, कारण त्यात राहणे आणि हिंडणे या दोन्ही छटा आहेत. ‘पाण्यात आणि काठावर वावरणारा प्राणी’ असे लिहिले की संज्ञेची उणीव भासत नाही.

हा भेद महत्त्वाचा का, ते सांगते. ‘ॲम्फिबिया’च्या मूळ ग्रीक शब्दात ‘बिओस’ म्हणजे जीवन आहे. दोन्ही प्रकारचे जीवन जगणारा, असा त्याचा अर्थ होतो. आपण ‘चर’ घेतला आणि जीवनाच्या जागी चालणे आले. जलचर, भूचर, खेचर (आकाशात फिरणारा) या मालिकेत तो छान बसला, पण त्यामुळे एक विसंगती आली. मॉससारख्या (ब्रायोफायटा गटातील) वनस्पतींना पाठ्यपुस्तके ‘वनस्पतिसृष्टीतील उभयचर’ म्हणतात, कारण त्या जमिनीवर वाढतात आणि फलनासाठी त्यांना पाणी लागते. त्या जागच्या हलतही नाहीत, तरी नावात ‘चर’ आहे.

आता माशांविषयी. येथे आपल्याला परकी संज्ञा भाषांतरित करण्याची गरजच नाही. ‘ॲना’ म्हणजे वर, ‘कॅटा’ म्हणजे खाली आणि ‘ड्रोमोस’ म्हणजे धाव. आणि मराठीत ‘चढणीचे मासे’ हा शब्दप्रयोग कितीतरी काळापासून रुळलेला आहे. पहिल्या पावसाने पाणी वाढले की प्रवाहाविरुद्ध वर सरकणाऱ्या माशांना तो वापरतात. ते मासे बहुधा नदीतून ओहोळात चढतात, समुद्रातून नदीत नव्हे, म्हणून तो शब्द जसाच्या तसा उचलू नये, पण त्यातले क्रियापद अवश्य घ्यावे. सॅमन हा ‘समुद्रातून नदीत चढणारा’ आणि ईल ही ‘नदीतून समुद्रात उतरणारी’. दिशा क्रियापदातच आली.

मराठीत पाणी नेहमी खाली असते आणि जमीन वर. आपण पाण्यात उतरतो आणि काठावर चढतो. सीलसाठीही ‘खडकावर चढून विसावतो’ एवढे पुरते. ‘उतरणे’ हे क्रियापद तर पाण्याशी मुळातच बांधलेले आहे. संस्कृतातील ‘तॄ’, म्हणजे पोहून वा ओलांडून जाणे, या धातूपासून ‘तरणे’, ‘उतरणे’ आणि ‘तीर्थ’ आले. नदी पायी ओलांडता येते त्या जागेला ‘उतार’ म्हणतात आणि प्रवाशाला ‘उतारू’. जो शब्द आज आपण गाडीच्या प्रवाशालाही लावतो, त्याच्या मुळाशी पाणी ओलांडणे आहे.

उत्तर (किनाऱ्यावरील जीवांचा निरीक्षक)

दोन्ही उत्तरे आवडली, परंतु दोन्हींत प्राणी हलतो आणि पाणी व जमीन स्थिर राहतात, असे गृहीत धरले आहे. खडकाला चिकटलेले कालव पाहा. ते जागचे हलत नाही. भरती येते तेव्हा ते पाण्यात असते आणि ओहोटी झाली की जमिनीवर. बहुतेक किनाऱ्यांवर सुमारे 12 तास 25 मिनिटांनी पुढची भरती येते, आणि मधल्या ओहोटीत उघडे पडले की ते शिंपले घट्ट मिटून आतले पाणी धरून ठेवते. येथे ‘चर’ कालवाला नव्हे, पाण्याला लागू पडतो. अशा जीवांसाठी मी ‘भरती-ओहोटीच्या पट्ट्यातले’ असे लिहितो. ‘पाणथळ’ हा शब्दही जवळ ठेवावा. पाणी आणि थळ ही दोन्ही त्याच्यात शेजारी नांदतात, मात्र तो जागेचा शब्द आहे, प्राण्याचा नाही.

दुसरी गोष्ट काळाची. चतुराचे अर्भक बऱ्याच जातींत महिनोन्महिने पाण्यात राहते, आणि मग एके रात्री लव्हाळ्याच्या देठावर चढते, पाठीवर उभी चीर पडते, आतून ओले, चुरगळलेले पंख असलेला चतुर निघतो आणि देठाला चिकटलेली कात सकाळी तशीच राहते. पुन्हा तो पाण्यात राहायला जात नाही. हे दोन्हीकडे वावरणे नाही. आधी पाणी, मग हवा. बेडकाचेही पुष्कळसे असेच. चार पाय फुटले असताना शेपटी अजून असते, ती गळून पडत नाही, शरीरातच जिरते, आणि त्या दिवसांत तोंडाची रचना बदलत असल्याने तो काही खात नाही. ज्यांचे आयुष्य असे दुभंगलेले आहे त्यांच्यासाठी ‘आधी जलचर, नंतर भूचर’ असा क्रम स्पष्ट लिहावा.

प्रश्नकर्त्याचे उत्तर

तिघांचेही मनःपूर्वक आभार. ‘उभयचर’ मी वर्गनामापुरता ठेवत आहे, ‘अर्धजलचर’ सोडत आहे, आणि माशांसाठी ‘चढणारे’ व ‘उतरणारे’ घेत आहे. कालवांसाठी वेगळे पान करावे लागेल, कारण ते माझ्या मूळ यादीत नव्हतेच. निवटीचा परिच्छेद आता असा झाला आहे, चूक असल्यास कळवावे: ‘ओहोटी लागली की निवटी पाण्यामागे जात नाही. छातीच्या परांवर रेटा देत ती चिखलावर वावरते, कल्ल्यांच्या पोकळीत पाणी धरून ठेवते, अंग कोरडे पडू लागले की चिखलात लोळते, आणि डोळे कोरडे पडले की ते खोबणीत ओढून ओले करून घेते.’