हमिंगबर्डची जीभ वर्गात दाखवायचीय, नळी कसली घेऊ?

नमस्कार मंडळी. मी साताऱ्यात शाहूनगरला राहते, सहावीला विज्ञान शिकवते. शाळेच्या कुंपणाला जास्वंद आहे, तिच्यावर शिंजीर येतो. उन्हात निळा-जांभळा चमकतो आणि देठाला लटकून फुलाच्या बुडाशी बाकदार चोच खुपसतो. मुलं ओरडतात, "मॅडम, हमिंगबर्ड!" हमिंगबर्ड फक्त अमेरिका खंडांत असतात, हे मी सांगितलं. तर एकीनं विचारलं, "मग ते मकरंद कसा पितात?" मी म्हटलं, स्ट्रॉनं ओढल्यासारखा.

घरी येऊन वाचलं, तर ते चूक. जिभेच्या बारीक नळ्यांत केशाकर्षणानं, म्हणजे न ओढता आपोआप, रस चढतो, ही समजूत १८३३ पासूनची. २०११ मध्ये कनेक्टिकट विद्यापीठातल्या अलेहान्द्रो रिको-गेवारा आणि मार्गारेट रुबेगा यांनी वेगळंच दाखवलं. जिभेचं टोक दुभंगलेलं, कडेला झालर. रसात बुडाली की झालर उघडते, बाहेर येताना आत वळून रस कोंडून घेते. २०१५ मध्ये पुढचा उलगडा झाला: चोचीबाहेर पडताना जीभ चोचीच्या टोकात दाबून चपटी होते, रसाला टेकली की तिच्या पन्हळी फुगतात आणि रस आत खेचला जातो. पुढच्या खेपेला चोच तो पिळून घेते. हे सेकंदाला वीसेक वेळांपर्यंत! किती सुंदर आहे हे. मुलांना हेच डोळ्यांनी दिसायला हवं.

अडचण अशी की स्ट्रॉ पट्टीनं दाबली तर घडी पडते, पुन्हा फुगत नाही. सायकलच्या व्हॉल्व्हची रबरी नळी छान फुगते, पण काळी, आतलं काही दिसत नाही. पारदर्शक आणि दाब सोडताच गोल होणारी नळी पोवई नाक्याच्या आसपास कुठल्या दुकानात मिळेल? सोमवारी तास आहे, माझी चूक तेव्हाच दुरुस्त करायचीय.

प्रतिसाद १
ताई, माशांच्या टाक्यांच्या दुकानात हवेची नळी मागा, पण सिलिकॉनची. दुसरी कडक असते. वीतभर तुकडा घ्या, मागचं टोक चिमट्यानं बंद करा. दोन पट्ट्यांमध्ये अख्खी नळी चपटी दाबा, तोंड रंगीत पाण्यात धरा आणि पट्ट्या हळूहळू सैल करा. पाणी सरसर आत येतं. पक्ष्याच्या जिभेला मात्र बंद नळी नसून कडा वळलेली पन्हळ असते, तेवढं मुलांना जरूर सांगा.

धागाकर्ती
खूप आभार दादा, शनिवारीच आणते. आता टोकाची झालर राहिली. ओली झाली की उघडेल आणि बाहेर काढताना मिटेल, असं काय वापरू?