कॉमन लॉ : समान, सामान्य की तसाच ठेवायचा?

प्रश्न

एका अनुवादात 'कॉमन लॉ देश' असा उल्लेख आला. मी 'समान कायद्याचे देश' असं केलं, तर तपासणाऱ्यांनी फुली मारली. 'सामान्य कायदा' चालेल का? शिवाय भारत, जमैका, ऑस्ट्रेलिया, केनिया हे एका ओळीत कसे बसले, तेही उमगलं नाही.

प्रतिसाद

'समान' नकोच. वाचणारा थेट समान नागरी कायद्यावर जाऊन थडकेल, आणि त्याचा याच्याशी काडीचा संबंध नाही. 'सामान्य' म्हटलं की मग 'विशेष' कुठला, हे विचारणार. इथला 'कॉमन' म्हणजे राज्यभर एकच. इंग्लंडात पूर्वी परगण्यागणिक रूढी वेगळ्या. दुसऱ्या हेन्रीने (११५४ ते ११८९) राजाचे न्यायाधीश फिरतीवर धाडायची घडी बसवली आणि त्यांचे निवाडे हळूहळू सगळीकडे सारखे लागू होऊ लागले. म्हणून 'रूढिविधी' हा प्रतिशब्दही मला फसवा वाटतो.

आजचा अर्थ एवढाच : कायदा फक्त विधिमंडळ करत नाही, वरच्या कोर्टाच्या निकालातूनही तो घडतो आणि खालच्या कोर्टांना बांधतो. आपल्या घटनेचं कलम १४१ पाहा. अर्थात निकालातलं अक्षर न् अक्षर बांधत नाही, ज्या कारणावर निकाल उभा आहे तेवढंच. बाकी सगळं 'ऑबिटर', म्हणजे जाता जाता केलेली टिप्पणी. समोरच्याने वाचलं तर वकील ते झटकून टाकतात, स्वतःच्या कामाचं असलं की ठासून वाचतात!

प्रतिसाद

ओळीत कसे बसले, त्याबद्दल. इंग्रजांचा नियम असा होता की वसवलेल्या मुलखात वसाहतवाल्यांबरोबर त्यांचा कायदाही जातो. जिंकलेल्या किंवा तहात मिळालेल्या मुलखात मात्र राजाने बदलेपर्यंत जुना कायदा चालू राहतो. ऑस्ट्रेलिया 'वसवलेला' ठरवला, जणू तिथे आधी कोणी राहतच नव्हतं. मूळ रहिवाशांचा जमिनीवरचा हक्क तिथल्या हायकोर्टाने मान्य केला तो थेट १९९२ साली, माबो खटल्यात. उलट फ्रेंचांकडून जिंकलेल्या, कॅनडातल्या क्वेबेकला १७७४च्या कायद्याने फ्रेंच दिवाणी कायदा परत मिळाला. श्रीलंका आणि दक्षिण आफ्रिकेत डचांच्या वेळचा रोमन-डच कायदा टिकला. त्यामुळे या दोघांना त्या यादीत टाकू नका, 'मिश्र' म्हणा.

भारताची गोष्ट आणखी मजेची. 'न्याय, समता आणि सद्सद्विवेक' या सूत्राने निकाल द्यायचे ठरले, पण विवेक कोणाचा? १८८७ साली प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे वसाहतींच्या अखेरच्या अपिलांच्या लंडनमधल्या कोर्टाने, सांगूनच टाकलं की याचा अर्थ सहसा इंग्रजी कायद्याचे नियम, इथल्या समाजाला लागू पडतील तेवढे. तोवर त्यातलं बरंचसं दंड संहिता (१८६०) आणि करार कायदा (१८७२) यांत कलमवार मांडूनही झालं होतं. पुढे याच भारतीय संहिता सिंगापूर-मलायात आणि पूर्व आफ्रिकेत गेल्या. म्हणजे केनियाला इंग्रजी कायदा पोचला तो बराचसा आपल्या वाटेने.

प्रतिसाद

वरच्यात भर. कायदा पसरला तो नुसत्या फौजेने नाही, अपिलांनीही. स्कॉटलंडमधल्या पेस्ली गावात जिंजर बिअरच्या अपारदर्शक बाटलीतून कुजलेली गोगलगाय निघाल्याची तक्रार झाली. १९३२ साली लॉर्ड्स सभागृहाने (तेव्हाचं ब्रिटनमधलं सर्वात वरचं कोर्ट) ठरवलं की विकत घेणारा दुसराच कोणी असला तरी माल वापरणाऱ्याप्रति उत्पादकाची जबाबदारी असते. तीनच वर्षांनी ॲडलेडच्या एका डॉक्टरांचा खटला प्रिव्ही कौन्सिलपुढे आला : लोकरीच्या अंतर्वस्त्रात राहिलेल्या रसायनाने त्यांना त्वचारोग झाला होता. तिथे हीच गोगलगाय कामी आली आणि डॉक्टर जिंकले. निष्काळजीपणाच्या खटल्यात आजही कुठल्या कुठल्या देशांतले वकील तिचा दाखला देतात.

प्रश्नकर्ता

आभार! मग त्याच्या समोरच्या 'सिव्हिल लॉ'ला, म्हणजे फ्रान्ससारख्या देशांतल्या पद्धतीला, 'दिवाणी कायदा' म्हणू ना?

प्रतिसाद

नका म्हणू. दिवाणी हा फौजदारीच्या विरुद्ध. तो भेद दोन्ही पद्धतींत आहे. 'संहिताप्रधान' म्हणा.

प्रतिसाद

संहिता तर आपल्याकडेही ढीगभर आहेत, वर लिहिलंच आहे की. फरक न्यायाधीशाच्या अधिकारात आहे. फ्रेंच नागरी संहितेचं कलम ५ न्यायाधीशांना निकालातून सर्वसाधारण नियम घालून द्यायला मनाई करतं. आपल्याकडे करार कायद्याचं कलम वाचून कोणी थांबत नाही, त्यावरचे निकाल चाळल्याशिवाय वकिलाचं पान हलत नाही. मी तरी 'रोमन वळणाची पद्धत' लिहीन आणि 'कॉमन लॉ' तसाच ठेवीन. पहिल्या उल्लेखाला 'निवाड्यांना कायद्याचं बळ देणारी इंग्रजी वळणाची पद्धत' एवढं जोडलं की झालं.

आणि मूळ मजकुरात कॅमेरून असेल तर जपून. तिथे इंग्रजी भागात कॉमन लॉ आणि फ्रेंच भागात फ्रेंच पद्धत, एकाच देशात. इंग्रजी भागातल्या कोर्टांत कॉमन लॉ न जाणणारे न्यायाधीश नेमतात म्हणून २०१६ साली तिथले वकील रस्त्यावर उतरले होते.